चाळीस खांब आणि एक ओकाचा

ग्रीसमधल्या ऑलिम्पियातल्या, हेरा देवीच्या मंदिराचे खांब एका ओळीत उभे असले तरी एकमेकांशी त्यांचा मेळ बसत नाही. एक जाडजूड, त्याच्या शेजारचा अंगानं बारीक. काही अखंड दगडाचे, बरेचसे चकत्यांवर चकत्या रचून उभारलेले. बहुतेकांवर २० उभ्या पन्हळी कोरल्या आहेत, एकावर मात्र १६ च. माथ्यावरचे दगड तर आणखी तऱ्हेवाईक: एखादा दाबलेल्या उशीसारखा पसरट, एखादा ताठ. एकाच इमारतीचं काम वेगवेगळ्या शतकांतल्या गवंड्यांना वाटून दिलं असावं, असं वाटतं.

१८७७ साली जर्मन उत्खननात दाखल झालेल्या एका २३ वर्षांच्या पोरानं हा गोंधळ मनावर घेतला. त्याचं नाव विल्हेल्म डॉर्पफेल्ड. बर्लिनमध्ये तो वास्तुरचना शिकला होता. त्या काळी उत्खनन म्हणजे पुतळे आणि शिलालेख शोधणं. पाया, जोतं, पडक्या भिंती यांची मोजमापं म्हणजे दुय्यम काम, म्हणून ते या नव्या पोराच्या वाट्याला आलं.

मंदिराचं जोतं सुमारे ५० मीटर लांब आणि पावणेएकोणीस मीटर रुंद. समोर ६ आणि बाजूला १६, कोपरे दोनदा न मोजता एकूण ४० खांब. ढिगाऱ्यात खांबांचे तुकडे सापडत होते, कौलं सापडत होती, पण खांबांवर आडवी टाकायची दगडी तुळई काही सापडेना. मग ती दगडाची नव्हतीच, लाकडाची होती. भिंतींचंही तसंच. खालचा मीटरभर थर चुनखडीचा, त्यावर कच्च्या विटा. पावसापाण्यात त्या विटांचा चिखल झाला आणि त्याच चिखलात ग्रीक शिल्पकार प्रॅक्सिटेलिसचा म्हणून प्रसिद्ध असलेला हर्मिस देवाचा संगमरवरी पुतळा शतकानुशतकं गाडला गेला. तो वर आला १८७७ च्याच मे महिन्यात. बातमी अर्थातच पुतळ्याची झाली. चिखलाकडे बघायला डॉर्पफेल्ड होता.

खांबांचं कोडं सोडवायला त्यानं एका जुन्या प्रवाशाची साक्ष काढली. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात पॉसेनियस इथं येऊन गेला होता, आणि मंदिराच्या मागच्या दालनातला एक खांब ओकाच्या लाकडाचा आहे, अशी नोंद त्यानं करून ठेवली होती. डॉर्पफेल्डनं दोन आणि दोन चार केले. इ.स.पू. ६०० च्या सुमारास मंदिर उभं राहिलं तेव्हा सगळेच खांब लाकडी असणार. जो कुजला तो बदलायचा, आणि बदलताना ज्या काळी जी घडण चालत असेल ती वापरायची. म्हणून ही भेसळ. पॉसेनियसनं पाहिला तो शेवटचा शिल्लक.

ग्रीक मंदिरं आधी लाकडाची होती आणि मग दगडात उतरली, ही गोष्ट पुढे प्रत्येक पाठ्यपुस्तकात याच खांबांच्या आधारानं सांगितली गेली. अलीकडे त्रिमितीय मोजणीनंतर तिच्यावर शंका घेतली गेली आहे. बरेच खांब सुरुवातीपासूनच दगडी असावेत, असंही एक मत आता आहे. मला मात्र त्या पोराची युक्तीच आवडते. देवळाकडे त्यानं देऊळ म्हणून पाहिलंच नाही, डागडुजी मागणारं घर म्हणून पाहिलं.

पुढे १८८५ मध्ये अथेन्सच्या अक्रोपोलिस या मंदिरांच्या टेकडीवर त्यानं हाच हिशेब लावला. पार्थेनॉन आणि एरेख्थिऑन या दोन मंदिरांच्या मधल्या जागेत एक पाया होता. दुसरीकडे टेकडीच्या उत्तर तटात जुन्या मंदिराच्या माथ्याचे दगड नीट ओळीनं बसवलेले होते. डॉर्पफेल्डनं दोन्हीकडची मापं ताडून पाहिली आणि ती जुळली. इ.स.पू. ४८० मध्ये पर्शियन सैन्यानं जाळलेलं अथेना देवीचं जुनं मंदिर ते हेच. आता गंमत अशी, की सापडवलेल्या मंदिराच्या तो इतका प्रेमात पडला, की ते पुढेही कित्येक शतकं उभंच होतं, असं सांगत राहिला. ते फारसं कुणी मान्य केलं नाही.

नाट्यगृहांच्या बाबतीतही त्यानं मोठ्या माणसाशी पंगा घेतला. रोमन वास्तुकार विट्रुव्हियसनं ग्रीक रंगमंच १० ते १२ फूट उंच असल्याचं लिहिलं आहे आणि विद्वान तेच धरून चालले होते. डॉर्पफेल्डनं अथेन्समधलं डायोनिससचं नाट्यगृह खणलं आणि सांगितलं, की नाटककार सोफोक्लिसच्या काळात असा उंच मंच नव्हताच, नट आणि वृंद एकाच जमिनीवर वावरत. उंच मंच नंतरचा. बुटका, एकदोन पायऱ्यांचा ओटा असेल की तेवढाही नसेल, यावर वाद चालतो. दहा फुटांचा मात्र निकाल लागला.

पण त्याचं नाव झालं ते ट्रॉयमुळे, ग्रीक कवी होमरच्या महाकाव्यातल्या युद्धाच्या नगरामुळे. ते नगर शोधणाऱ्या हाइनरिख श्लीमाननं १८७० च्या दशकात तुर्कस्तानातल्या हिसार्लिकच्या टेकडीत असा अजस्र चर खणला होता, की वरच्या वस्त्या खरवडून निघाल्या. त्याला तळाजवळचा, सोन्याचा साठा देणारा थर होमरचा वाटत होता. १८८२ मध्ये त्यानं डॉर्पफेल्डला सोबत घेतलं. श्लीमान वस्तू बघायचा, हा भिंती. कुठली भिंत कुठल्या भिंतीच्या डोक्यावर चढली आहे, कुठली कुणाला कापून जाते, याच्या जोरावर टेकडीतल्या नऊ वस्त्यांचा क्रम लागला. १८९० मध्ये तळापासून सहाव्या थरात मायसिनी धाटणीची, म्हणजे ग्रीक कांस्ययुगाच्या उत्तरार्धातली, भांडी निघाली, म्हणजे होमरच्या युद्धाला शोभणारा काळ वरच्या बाजूला होता. श्लीमानचा थर हजाराहून अधिक वर्षांनी चुकला होता! त्याच वर्षी २६ डिसेंबरला श्लीमान नेपल्समध्ये वारला. तो नेमका डॉर्पफेल्डचा वाढदिवस होता.

१८९३ आणि १८९४ मध्ये डॉर्पफेल्डनं सहाव्या ट्रॉयचा तट मोकळा केला. आतल्या बाजूला कललेल्या भिंती, ठरावीक अंतरावर उभ्या ठसठशीत कडा, दगडाला दगड चपखल बसलेला. (१९३० च्या दशकात अमेरिकन कार्ल ब्लेगननं ही वस्ती भूकंपानं पडली असं म्हणत युद्धाचा मान तिच्यानंतरच्या वस्तीला दिला. तो वाद अजून मिटलेला नाही.)

१८८७ ते १९१२ या काळात तो अथेन्समधल्या जर्मन पुरातत्त्व संस्थेचा प्रमुख होता. अभ्यासकांना घेऊन तो पेलोपोनीस आणि बेटं पालथी घालायचा आणि अवशेषांत उभं राहून तासन् तास बोलायचा.

आणि मग लेफ्कादा. होमरचं इथाका म्हणजे आजचं इथाकी बेट नव्हे, शेजारचं लेफ्कादा, असं त्याच्या मनानं घेतलं. होमरच्या काव्यातला इथाकाचा राजा ओडिसियस याचा वाडा शोधत तो लेफ्कादावरच्या निद्रीच्या मैदानात वर्षानुवर्षं खणत राहिला. गोलाकार दगडी चौथऱ्यांत पुरलेल्या श्रीमंत कबरी सापडल्या. काम नेटकं, नोंदी चोख. त्या कबरी तो होमरच्याच जगाशी जोडत राहिला. आज त्यांचा काळ इ.स.पू. तिसरं सहस्रक धरला जातो. ट्रॉयचं युद्ध झालंच असेल, तर त्याच्या हजारभर वर्षं आधीचा.

२५ एप्रिल १९४० रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी, तो लेफ्कादावरच वारला. त्याची कबर निद्रीच्या समोरच आहे, मध्ये फक्त खाडीचं पाणी.