कोवळ्या उन्हातलं 'डी'

सकाळी सातला शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर पूर्वेकडे तोंड करून बसलेले काका-काकू दिसतात. "कोवळं ऊन घ्या, डी जीवनसत्त्व मिळतं," हे आपण आजीपासून ऐकत आलोय. खरं तर त्या वेळी ते जवळपास मिळतच नाही. कातडीत डी तयार व्हायला २९० ते ३१५ नॅनोमीटरचे अतिनील-बी किरण लागतात. सूर्य खाली असताना त्यांना वातावरणातून तिरकी, लांबची वाट कापावी लागते आणि वाटेतच ओझोन त्यांना गिळतो. सोपी खूण: आपली सावली उंचीपेक्षा आखूड पडली की ऊन कामाचं. पण गॅलरीच्या बंद काचेआड बसलात तर तेही फुकट, साधी काच हे किरण अडवते.

म्हणून काय दिवसभर आझाद मैदानात क्रिकेट खेळून साठा होतो? छे! एका मर्यादेनंतर जादा ऊन डीच्या पूर्वद्रव्याचं निरुपयोगी पदार्थांत रूपांतर करतं. उरतो रापलेला चेहरा, आणि मुंबईच्या दमट हवेत न वाळणारा घाम.

कट्टा मात्र सोडू नका. सकाळचा उजेड डोळ्यांवाटे मेंदूतलं घड्याळ लावतो, रात्री झोप वेळेवर येते. काकांची झोप सुधारली असेल तर श्रेय त्याचं, डीचं नव्हे.