ॲलेक गिनेस : प्राध्यापक गोडबोल्यांच्या आधीची पन्नास वर्षं

ई. एम. फॉर्स्टरच्या ‘अ पॅसेज टू इंडिया’ (१९२४) या कादंबरीत नारायण गोडबोले नावाचे एक प्राध्यापक आहेत. दख्खनी ब्राह्मण, वय झालेलं, पिकलेली मिशी, घारे डोळे, युरोपियन वाटावा इतका गोरा रंग. अंगात कोट आणि धोतर, डोक्यावर पागोटं, आणि पायमोज्यांवरची नक्षी पागोट्याच्या रंगाशी जुळणारी. ज्यांनी कोकणस्थ घरं पाहिली आहेत, त्यांना हे वर्णन कुठून आलं ते सांगावं लागत नाही. फॉर्स्टर १९२१ मध्ये देवास थोरल्या पातीच्या पवार महाराजांकडे खासगी चिटणीस होता. मराठी माणसं त्याने दरबारात, देवळात, जेवणाच्या पंगतीत पाहिली होती.

डेव्हिड लीनने या कादंबरीवर चित्रपट केला (१९८४), तेव्हा गोडबोल्यांची भूमिका दिली ॲलेक गिनेसला. गिनेस तेव्हा सत्तरीचा होता आणि त्याच्या पहिल्या प्रयोगाला बरोबर पन्नास वर्षं झाली होती. लंडनचा हा नट गोडबोल्यांपर्यंत कसा पोचला, हे समजायला ती पन्नास वर्षं पाहावी लागतात.

जन्म २ एप्रिल १९१४, लंडनच्या मेडा व्हेल भागात. आई ॲग्नेस कफ. जन्मदाखल्यावर वडिलांच्या नावाचा रकाना कोरा. आपण जे आडनाव समजतो ते ‘गिनेस’सुद्धा दाखल्यात ‘ॲलेक’च्या शेजारी, पाळण्यातलं नाव म्हणूनच लिहिलेलं आहे. पुढे आईने स्टायव्हन नावाच्या कॅप्टनशी लग्न केलं आणि मुलगा ॲलेक स्टायव्हन झाला. ते लग्न टिकलं नाही, आणि आपलं खरं नाव वेगळं आहे हे मुलाला चौदाव्या वर्षी कळलं. वसतिगृहाच्या शाळेची फी अँड्र्यू गेडीस नावाचा एक वयस्क बँकर भरत असे. तोच आपला बाप असावा अशी गिनेसची समजूत होती, पण ती कधी सिद्ध झाली नाही. ज्या नटाचं सगळं कौशल्य पुढे ‘हा कोण’ हे कळू न देण्यात होतं, त्याच्या बालपणात हाच प्रश्न उघडा पडलेला होता. यावर चरित्रकारांनी पुष्कळ लिहिलं आहे. ते सगळंच पटण्यासारखं नाही, पण नाव बदलण्याची सवय त्याला शाळेतच लागली एवढं खरं.

शाळेनंतर जाहिरात कंपनीत मजकूर लिहिण्याची नोकरी, पगार जेमतेम. त्यातून पैसे वाचवून तो मार्टिटा हंट या अभिनेत्रीकडे शिकवणीला जाऊ लागला. काही दिवसांनी तिने ‘तुला हे जमणार नाही’ असं सांगून टाकलं. तरी तो चिकटून राहिला, फे कॉम्प्टनच्या नाट्यशाळेची शिष्यवृत्ती मिळवली, आणि वर्षअखेरच्या सादरीकरणात बक्षीस घेतलं. परीक्षकांत शेक्सपिअरच्या नाटकांतला नामवंत नट जॉन गिलगुड होता. एप्रिल १९३४ मध्ये ‘लायबल!’ या नाटकात त्याने पहिल्यांदा रंगमंचावर पाय ठेवला. एकही वाक्य नाही, नुसतं उभं राहायचं. त्याच वर्षी दुसऱ्या एका नाटकात एकाच प्रयोगात तीन भूमिका : चिनी हमाल, फ्रेंच समुद्री चाचा आणि इंग्लिश खलाशी. नोव्हेंबरमध्ये गिलगुडने आपल्या ‘हॅम्लेट’मध्ये त्याला ऑझ्रिक हा दरबारी दिला. १५५ प्रयोग झाले. रोज एकच छोटी भूमिका दीडशे वेळा करणं, आणि विंगेत उभं राहून गिलगुडचा आवाज ऐकणं, हे शिक्षण कुठल्याही शाळेत मिळालं नसतं.

१९३५ चं ‘नोआ’ मात्र त्याच्या कामाच्या पद्धतीच्या दृष्टीने जास्त महत्त्वाचं. दिग्दर्शक मिशेल सँ-दनी. नोआच्या नौकेतल्या प्राण्यांपैकी गिनेस लांडगा होता, आणि वाघीण होती मेरुला सालामन. तिच्याशी त्याचं १९३८ मध्ये लग्न झालं. प्राणी उभा करताना नटाचा आवाज आणि चेहरा दोन्ही काढून घेतले जातात. उरते ती पाठ, मान, पंजा टेकण्याची रीत, वजन कुठल्या पायावर आहे ते. गिनेसने हीच रीत पुढे माणसांनाही लावली. आधी चाल सापडली पाहिजे. चाल सापडली की खांदे ठरतात, खांद्यांवरून श्वास, श्वासावरून वाक्य कुठे तोडायचं ते. आपल्याकडे बहुतेक तालमी संहितेपासून वर चढतात, हा माणूस बुटांपासून वर चढत असे.

१९३८ मध्ये दिग्दर्शक टायरन गथ्रीने लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात त्याला हॅम्लेट दिला : आधुनिक कपड्यांत आणि एकही ओळ न कापता. पुढच्या वर्षी त्याने स्वतः डिकन्सच्या ‘ग्रेट एक्सपेक्टेशन्स’चं नाट्यरूपांतर केलं, हर्बर्ट पॉकेट झाला, आणि मिस हॅविशॅमची भूमिका दिली त्याच मार्टिटा हंटला. प्रेक्षकांत डेव्हिड लीन होता. युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये त्याच कादंबरीवर त्याने चित्रपट केला तेव्हा या दोघांनाही त्याच भूमिकांत घेतलं. मधल्या काळात गिनेस नौदलात होता. साधा खलाशी म्हणून भरती होऊन अधिकारी झाला, आणि जुलै १९४३ मध्ये सिसिलीच्या किनाऱ्यावर सैनिक उतरवणारी नौका त्याच्या हुकमतीखाली होती.

‘ऑलिव्हर ट्विस्ट’ (१९४८) मधला फेगिन, पोरांकडून पाकीटमारी करवून घेणारा म्हातारा ज्यू, ही त्याची पहिली मोठी पडद्यावरची भूमिका, आणि पहिला मोठा वादही. लीन तयार नव्हता, त्याच्या डोळ्यांसमोर गोंडस हर्बर्ट होता. गिनेसने रंगभूषा करून चाचणी द्यायची परवानगी मागितली. रंगभूषाकार स्टुअर्ट फ्रीबॉर्न. आधार घेतला जॉर्ज क्रुकशँकने मूळ कादंबरीसाठी काढलेल्या चित्रांचा : लांब आकडेदार नाक, जड पापण्या, विस्कटलेली दाढी. चाचणी पाहताच लीनने भूमिका दिली. कारागिरी म्हणून ती रंगभूषा अचाट आहे. चौतिशीच्या नटाचा चेहरा त्यात शोधूनही सापडत नाही. पण क्रुकशँकचं चित्र हे १८३० च्या दशकातलं ज्यूंचं व्यंगचित्र होतं, आणि १९४८ मध्ये, छळछावण्यांच्या बातम्या ताज्या असताना, ते जसंच्या तसं पडद्यावर आणणं ही घोडचूक होती. १९४९ मध्ये बर्लिनमध्ये छळातून वाचलेल्या ज्यूंनी चित्रपटगृहासमोर निदर्शनं केली. अमेरिकेत चित्रपट १९५१ पर्यंत अडकला आणि फेगिनची बरीच दृश्यं कापूनच लागला. चित्र आणि माणूस यांत चित्र निवडलं की काय होतं, याचा हा धडा होता. गोडबोल्यांकडे येताना तो लक्षात ठेवावा.

‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’ (१९४९) मध्ये त्याने एकाच घराण्यातल्या आठ व्यक्ती केल्या. आधी चारच देऊ केल्या होत्या, ‘आठही का नकोत’ असं त्यानेच विचारलं. एका दृश्यात त्यांतले सहा जण एकाच वेळी चर्चमध्ये दिसतात. सहाच, कारण दोघे तोवर मेलेले आहेत. हे कसं घेतलं ते नीट पाहण्यासारखं आहे. छायालेखक डग्लस स्लोकोम्बने कॅमेरा जमिनीला पक्का बांधला. भिंगापुढे काच बसवली आणि चौकटीचा जो भाग हवा तेवढाच उघडा ठेवून बाकीचा काळा झाकला. गिनेस एका वेशात बसला, चित्रण झालं. मग फिल्म मोजून मागे, नेमक्या सुरुवातीच्या चौकटीवर गुंडाळली, पहिला भाग झाकला, दुसरा उघडला. तोवर गिनेस रंगभूषा पुसून दुसरी चढवत होता. असं सहा वेळा, तीच फिल्म.

यात बिघडण्याच्या जागा अनेक. कॅमेरा केसभर हलला तर दोन भागांच्या सीमेवर शिवण दिसते. प्रकाश कमीजास्त झाला तर एक नातेवाईक उजळ आणि शेजारचा काळवंडलेला. नटाचा हात सीमेपलीकडे गेला तर तो पडद्यावर अर्धा कापला जातो. पाचव्या वेळी चूक झाली तर आधीच्या चारही वाया. रात्री कोणी कॅमेऱ्याला धक्का लावू नये म्हणून स्लोकोम्ब स्टुडिओतच कॅमेऱ्याशेजारी झोपला. गिनेससाठी अडचण वेगळी होती. शेजारी कुणीच नसताना शेजारच्या माणसाच्या असण्याने अंग कसं आखडतं ते दाखवायचं. ते दृश्य थांबवून पाहिलं तर रंगभूषेपेक्षा बसण्यातला फरक जास्त बोलतो. जनरल छाती काढून बसतो, लेडी अगाथा मानेतून ताठ आहे. मिशा काढून टाकल्या तरी सहा जण वेगळे ओळखू येतील.

‘काइंड हार्ट्स’ काढणाऱ्या ईलिंग स्टुडिओचे पुढचे चित्रपट गाजत असतानाच मे १९५१ मध्ये रंगमंचावर त्याला मोठा फटका बसला. त्याने स्वतः फ्रँक हाउझरबरोबर ‘हॅम्लेट’ दिग्दर्शित केलं आणि मुख्य भूमिकाही केली. पहिल्या रात्री प्रकाशयोजनेच्या सूचना मागेपुढे झाल्या. अंधार हवा तिथे लखलखाट, आणि उजेड हवा तिथे काळोख. पण दोष फक्त दिव्यांचा नव्हता. आतल्या आत मिटणारा त्याचा अभिनय कॅमेऱ्यासमोर सोन्यासारखा होता. मोठ्या नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेला मात्र तो पोचत नसे, आणि बाहेरून सांगायला वेगळा दिग्दर्शक असता तर हे तालमीतच कळलं असतं. दोन वर्षांनी गथ्रीबरोबर तो कॅनडात स्ट्रॅटफर्डला गेला. तंबूतला रंगमंच, तीन बाजूंनी प्रेक्षक, आणि १३ जुलै १९५३ ला ‘रिचर्ड तिसरा’ने महोत्सवाची सुरुवात. तिथे प्रेक्षक हाताच्या अंतरावर होते आणि तोच अभिनय चालून गेला.

‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’ (१९५७) ची भूमिका त्याने आधी नाकारली होती. जपान्यांच्या युद्धकैदेतला ब्रिटिश अधिकारी कर्नल निकोल्सन कसा असावा यावर लीनशी त्याचं श्रीलंकेतल्या चित्रीकरणभर वाजत राहिलं. गिनेसला थोडा विनोद हवा होता, लीनला नको होता. त्यातलं एक दृश्य मात्र त्याच्या सगळ्या कामातलं शिखर आहे. पत्र्याच्या कोंडवाड्यातून निकोल्सनला बाहेर काढतात. तो छावणीच्या मैदानातून जपानी कमांडंटच्या खोलीकडे चालत जातो. गुडघे ताठ राहत नाहीत, पाऊल टाकताना घोटा भलत्याच दिशेला वळतो, आणि वरचं धड मात्र कवायतीत असल्यासारखं सरळ. ती चाल त्याने आपल्या मुलाकडून घेतली होती. मॅथ्यूला लहानपणी पोलिओ झाला होता आणि बरा होत असताना तो तसा चालायचा. मुलाच्या त्याच आजारात गिनेस रोज कॅथलिक चर्चमध्ये जाऊन बसू लागला होता, आणि १९५६ मध्ये त्याने तो पंथ स्वीकारला. बापाने मुलाचं दुखणं किती बारकाईने पाहिलं असेल! या भूमिकेला ऑस्कर मिळालं. १९५९ मध्ये ‘सर’ किताब आला.

पुढची वीस वर्षं भराभर सांगता येतात : ‘ट्यून्स ऑफ ग्लोरी’, ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’तला प्रिन्स फैसल, ‘डॉक्टर झिवागो’, न्यूयॉर्कमध्ये ‘डिलन’ नाटकासाठी १९६४ चं टोनी पारितोषिक. ‘स्टार वॉर्स’ (१९७७) साठी त्याने मानधनाशिवाय दिग्दर्शक जॉर्ज लुकसला मिळणाऱ्या वाट्यातले सव्वादोन टक्के घेतले, आणि त्यावर उरलेलं आयुष्य निश्चिंत झालं. त्या चित्रपटाने आलेल्या वेडाचा त्याला मनापासून त्रास होई, पण त्याच पैशामुळे न आवडलेली कामं नाकारण्याची मोकळीक मिळाली.

त्या मोकळिकीचं फळ म्हणजे १९७९ ची बीबीसीची सात भागांची मालिका ‘टिंकर टेलर सोल्जर स्पाय’. गुप्तहेर जॉर्ज स्मायलीच्या तयारीसाठी लेखक जॉन ल कारेने त्याची भेट सर मॉरिस ओल्डफील्ड या गुप्तहेर खात्याच्या निवृत्त प्रमुखाशी जेवणाच्या टेबलावर घालून दिली. गिनेसने खात्याच्या कारभारापेक्षा त्या माणसाच्या बाह्यांची बटणं, बूट आणि छत्री पाहिली, आणि ओल्डफील्ड निघाल्यावर त्याची पाठमोरी चाल नजरेआड होईपर्यंत न्याहाळली. स्मायलीला नकली नाक नाही, मिशी नाही. आहे फक्त चष्मा, आणि समोरचा बोलत असताना तो सावकाश पुसण्याची वेळ. माझ्या मते निकोल्सन आणि स्मायली ही त्याची सर्वांत मोठी कामं, आणि दोन्हींत चेहरा त्याचा स्वतःचाच आहे.

रंगमंचावरची शेवटची भूमिका १९८९ मध्ये ‘अ वॉक इन द वुड्स’ची. त्यानंतर लेखन, रोजनिशी, हॅम्पशरमधलं पीटर्सफील्डजवळचं घर. ५ ऑगस्ट २००० ला तो गेला, आणि त्याच ऑक्टोबरमध्ये मेरुला.

गोडबोले या दोन मोठ्या कामांच्या यादीत बसत नाहीत. तिथे पुन्हा फेगिनचीच वाट धरली गेली : रंग चढवला, पागोटं बांधलं, चष्मा लावला. त्याच चित्रपटात व्हिक्टर बॅनर्जी, सईद जाफरी, रोशन सेठ आहेत, आणि त्यांच्या शेजारी गोडबोले परके दिसतात. फॉर्स्टरच्या गोडबोल्यांचा गोरा रंग आणि घारे डोळे पाहता इंग्लिश नटाला रंग चढवायची गरजच नव्हती, हे विशेष. रंगाखाली चाल मात्र होती. फाटक बंद झाल्यावर ते जसे उभे राहतात, स्टेशनवर मिसेस मूर या वृद्ध इंग्लिश बाईची गाडी निघताना हात जसे वर करतात, त्यात पुष्कळ निरीक्षण आहे. गिनेसने या भूमिकेसाठी एक नृत्यही बसवलं होतं, मेहनत घेऊन शिकलं होतं. लीनने ते कापलं. १९४६ पासूनची मैत्री या कात्रीने दुखावली, आणि दोघांनी पुन्हा एकत्र काम केलं नाही.

कादंबरीच्या शेवटच्या भागात हे नृत्य गोकुळाष्टमीला होतं. फॉर्स्टरने ते देवासच्या उत्सवावरून घेतलं. झांजा वाजतायत, गर्दी उसळलीय, आणि नारायण गोडबोले अनवाणी, चष्मा जाईच्या हारात अडकलेला, पुढे-मागे पावलं टाकत भजन म्हणतायत. त्या भजनात पुन्हा पुन्हा नाव येतं ते तुकारामाचं.