कल्पित ग्रहाचं पंचांग: आधी बाकी पाहा

कादंबरीसाठी किंवा एखाद्या खेळासाठी नवं जग रचताना बहुतेक जण महिन्यांच्या नावांपासून सुरुवात करतात. बारा छानशी नावं, प्रत्येकी ३० दिवस, वर्ष ३६० दिवसांचं. त्यात चूक काही नाही, फक्त त्या आकाशात चंद्र नसावा. चंद्र आला की भागाकारात बाकी उरते, आणि कालगणनेचं सगळं शहाणपण त्या बाकीचं काय करायचं यात असतं. पृथ्वीवर १२ चांद्रमास ३५४.३७ दिवसांत संपतात, ऋतुचक्राला मात्र ३६५.२४ दिवस लागतात. मधले सुमारे ११ दिवस हिजरी गणनेने तसेच सोडले, म्हणून रमजान सगळ्या ऋतूंमधून फिरतो. आपल्या पंचांगाने ते साठवून अधिकमासात भरले. ग्रेगोरियन गणनेने चंद्राचाच नाद सोडला.

आता एक ग्रह बांधू. तारा सूर्याच्या सुमारे ९४ टक्के वस्तुमानाचा आणि थोडा मंद. पृथ्वीइतकी ऊब हवी तर ग्रह जवळ आणावा लागतो, आणि केप्लरच्या नियमाने वर्ष आखूड होतं. दिवस २४ तासांचाच ठेवला तर वर्ष ३१० दिवसांच्या आसपास येतं. आपण ३१०.४ धरू. कक्षा सोयीसाठी वर्तुळाकार. चंद्र ताऱ्यांच्या संदर्भात २४ दिवसांत एक फेरी करतो.

पहिली ठेच इथेच लागते. महिना २४ दिवसांचा नाही! चंद्राची फेरी होईपर्यंत ग्रह स्वतः पुढे सरकलेला असतो, म्हणून अमावास्या ते अमावास्या हा काळ थोडा जास्त भरतो. २४ आणि ३१०.४ यांच्या गुणाकाराला त्यांच्या वजाबाकीने भागायचं: ७४४९.६ ÷ २८६.४ = २६.०११ दिवस. हा चांद्रमास. असे १२ मास ३१२.१३ दिवसांचे होतात, म्हणजे वर्षापेक्षा १.७३ दिवस जास्त. पृथ्वीवर १२ महिने कमी पडतात, इथे ते वर्षात मावत नाहीत.

म्हणून या ग्रहाला अधिकमास नको, क्षयमास हवा. आपला नियम जसाच्या तसा लावून पाहा: ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत (एका राशीतून दुसऱ्या राशीत प्रवेश) होत नाही तो अधिक, ज्यात दोन होतात तो क्षय. इथे सौरमास, म्हणजे दोन संक्रांतींमधला काळ, २५.८७ दिवसांचा, चांद्रमासाहून लहान. त्यामुळे अधूनमधून एकाच चांद्रमासात दोन संक्रांती सापडतात. आपल्याकडे हा प्रकार दुर्मीळ. गेल्या शतकात १९६३–६४ आणि १९८२–८३ मध्ये क्षयमास आले, तेही सूर्याची भासमान गती हिवाळ्यात वाढते म्हणून. या ग्रहावर मात्र दर १५ वर्षांनी ठरलेला: १५ वर्षांचे ४६५६ दिवस आणि १७९ चांद्रमासांचेही ४६५६ दिवस. १७७ महिने २६ दिवसांचे, दोन २७ दिवसांचे. (हिशेब इतका नेमका जुळला कारण आकडे गोल घेतले. २४ ऐवजी २४.०३ घ्या आणि गंमत पाहा.)

महिना कोणत्या वर्षी गाळायचा? पंधराव्या वर्षी गाळला तर नववर्ष ऋतूंच्या मागे पडत पडत २४ दिवसांपर्यंत जातं आणि मग एकदम उडी मारतं. आठव्या वर्षी गाळला तर फरक मागेपुढे १२ दिवसांतच राहतो. पेरणीचे सण असतील तर हाच पर्याय बरा.

निव्वळ सौर गणना हवी असेल तर काम सोपं आहे. ०.४ ची बाकी म्हणजे ५ वर्षांत २ जादा दिवस. वर्षाच्या क्रमांकाची दुप्पट करून ५ ने भागा. बाकी ० किंवा १ आली तर वर्ष ३११ दिवसांचं, नाहीतर ३१० चं. तिसरं आणि पाचवं वर्ष लीप येतं.

आठवड्याचं काय? चांद्र गणनेच्या १५ वर्षांतल्या ४६५६ दिवसांना ७ ने भागलं तर १ उरतो, म्हणून तारीख-वारांची जोडी १०५ वर्षांनीच परत जुळते. ६ किंवा ८ वारांचा आठवडा घेतला तर १५ वर्षांचं एकच कॅलेंडर पुन्हा पुन्हा वापरता येतं. ग्रेगोरियन गणनेत ४०० वर्षांचे १,४६,०९७ दिवस आणि नेमके २०,८७१ आठवडे होतात. तो योगायोग आहे. तुमच्या जगात तो हाताने घडवता येतो, तर सातच वारांचा हट्ट का?

लिहिताना घोळ टाळायचा असेल तर तारखांवर विसंबू नका, अहर्गण ठेवा. अहर्गण म्हणजे एका ठरलेल्या दिवसापासूनची सलग दिवसमोजणी. आपले ज्योतिर्गणिती हेच वापरत. स्प्रेडशीटमध्ये प्रत्येक प्रसंगासमोर तो आकडा लिहा. शून्य दिवशी अमावास्या धरली तर १०००व्या दिवशी ३८ महिने उलटून ११.५८ दिवस झालेले असतात. महिन्याच्या ३० तिथी केल्या तर एक तिथी २०.८ तासांची, म्हणजे शुक्ल चतुर्दशी चालू आहे. त्या रात्री काळोखात चोरी करणारं पात्र पकडलं जाणार. तिथी दिवसाहून लहान असल्यामुळे दर महिन्यात सुमारे चार तिथींचा क्षय होतो, हेही पुरोहित पात्राच्या तोंडी घालता येईल.

सर्वांत जास्त चुका मात्र चंद्राच्या वेळेत होतात. पौर्णिमेचा चंद्र सूर्यास्तालाच उगवतो, शुक्ल द्वितीयेची कोर संध्याकाळी पश्चिमेला दिसून लवकर मावळते. मध्यरात्री डोक्यावर कोर कधीच येत नाही. इथे चंद्रोदय रोज सरासरी ५८ मिनिटांनी उशिरा होतो. चंद्रकक्षेला थोडा कलही द्या. आपल्या चंद्राचा सुमारे ५ अंश आहे. कल शून्य ठेवला तर दर अमावास्येला ग्रहाच्या कुठल्या ना कुठल्या भागात सूर्यग्रहण आणि दर पौर्णिमेला चंद्रग्रहण होईल, आणि मग कथेत ग्रहणाला घाबरणारा माणूस सापडणं अवघड.