बोट-ट्रेलरचे ब्रेक

जीप किंवा तत्सम गाडीमागे बोट ओढून नेणाऱ्या ट्रेलरच्या चाकांना बसवलेली ब्रेकयंत्रणा. मालाच्या ट्रॉलीहून हिचे प्रकरण वेगळे, कारण बोट उतरवताना ट्रेलरची चाके हबसकट (हब म्हणजे चाकाचा बेअरिंग असलेला मधला भाग) पाण्यात जातात. युरोपात ट्रेलरचे भारासह वजन 750 किलोच्या वर गेले की ब्रेक सक्तीचे आहेत.

बोटींसाठी मुख्यतः रेट्यावर चालणारे ब्रेक वापरतात. पुढची गाडी मंदावली की ट्रेलर तिला मागून रेटतो. हुकाजवळची सरकती दांडी आत जाते, मास्टर सिलिंडर (ब्रेक ऑइलवर दाब आणणारी नळी) दाबला जातो आणि ब्रेक ऑइलच्या दाबाने चाके आवळली जातात. चालकाला वेगळे काही करावे लागत नाही. विजेचे ब्रेक ड्रममधल्या (चाकाबरोबर फिरणाऱ्या पोकळ डब्यातल्या) चुंबकावर चालतात. वारंवार बुडणे त्यांना मानवत नाही. रेट्याच्या ब्रेकची खोड अशी, की चढावर किंवा चिखलात रिव्हर्स घेतानाही रेटा येतो आणि ट्रेलर अडून बसतो. त्यासाठी रिव्हर्सच्या दिव्याच्या तारेवर चालणारी एक झडप बसवतात.

नाशिकहून बोट मुंबईकडे न्यायची तर खरी परीक्षा इगतपुरीनंतर, कसारा घाटात. उतारावर खालचा गिअर टाकावा, हे बरोबरच. पण गाडी इंजिनाने रोखली तरी ट्रेलर रेटतोच, म्हणजे त्याचे ब्रेक उतारभर थोडे लागलेले राहतात. लायनर, म्हणजे ब्रेकचे घासणारे अस्तर, तापले की पकड सुटते. म्हणून वेग घाटमाथ्यावरच उतरवायचा (वेग दुप्पट तर ब्रेकने जिरवायची ऊर्जा चौपट) आणि वाटेत सुरक्षित जागी थांबून हबजवळ तळहात धरून पाहायचे. हात लावायचा नाही, पोळतो.

तापलेला हब लगेच पाण्यात घालणे हीही चूकच. आतली हवा आकसते आणि सीलमधून पाणी बेअरिंगच्या ग्रीसमध्ये ओढले जाते. नाशिकजवळच्या गंगापूर धरणाच्या काठावर पोहोचल्यावर आधी चहा, मग बोट. तिथले पाणी गोडे, त्यामुळे समुद्रावरच्या ट्रेलरइतका गंज चढत नाही. तरी ड्रममध्ये पाणी आणि गाळ साचतोच. काठावर आलेल्या ट्रेलरच्या ड्रममधून तांबूस पाणी ठिबकताना दिसते. डिस्क ब्रेकची उघडी चकती त्या मानाने लवकर सुकते. ब्रेक ओले असताना पहिल्या दाबाला पकड जवळजवळ नसते, म्हणून रस्त्याला लागण्याआधी हळू चालवत चारदोनदा हलकेच ब्रेक दाबतात.

हूक सुटलाच तर ट्रेलरचे ब्रेक आपोआप लावणारी एक बारीक तार असते. ती हुकाच्या गोळ्यात न अडकवता गाडीच्या सांगाड्याला बांधतात. गोळाच निखळला तर तार त्याच्याबरोबर जाते आणि ब्रेक लागतच नाहीत.