ढवळ्या-पवळ्याचं पंचांग

माझा भाचा नववीत आहे आणि सध्या कादंबरी लिहितोय, राजे, जादूचे दगड, आग ओकणारे पक्षी असलं सगळं. दिवाळीत लातूरला आला तेव्हा वही पुढं करून म्हणला, मामा, माझ्या जगाचं कॅलेंडर बघा. दहा महिने, प्रत्येकी ३६ दिवस, वर्ष बरोब्बर ३६० चं, आणि आकाशात दोन चंद्र, एक ३६ दिवसांचा एक १२ चा. म्हणलं छान आहे, पण सगळं इतकं चोख बसत असेल तर तुझ्या राज्यात जोशीबुवाला काम काय?

खऱ्या आकाशात असं काही बसत नाही, तिथंच तर मजा आहे. आपल्याकडं अमावस्या ते अमावस्या सरासरी २९.५३ दिवस, बारा महिन्यांचे होतात ३५४ च्या थोडं वर आणि ऋतूंचं वर्ष आहे ३६५.२४ दिवसांचं. म्हणजे सण दरवर्षी ११ दिवसांनी अलीकडं सरकणार. तसंच सोडून दिलं असतं तर येळवस, म्हणजे आमच्याकडं मार्गशीर्ष अमावस्येला रानात करतात तो सण, कधी भर उन्हाळ्यात आली असती, ना रानात ज्वारी ना हरभऱ्याला घाटे, मग कडब्याच्या कोपीपुढं बसून भज्जी-आंबील कशाच्या जोरावर खायची? म्हणून बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक जादा महिना घालतात. २०२३ ला अधिक श्रावण, २०२६ ला अधिक ज्येष्ठ. वर त्याच महिन्यात जावयाला बोलवून धोंडे खाऊ घालायचे, म्हणजे हिशेबात उरलेल्या दिवसांवर जावयाची सोय.

हिजरी कॅलेंडरात असा महिना घालत नाहीत, त्यामुळं रमजान साधारण ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो. उपवासाला ते चालतं, पण शेतसाऱ्याला कसं चालणार, पीक काय चंद्र बघून पिकत नाही! यावर दख्खनेत जो तोडगा निघाला तो आमच्या घरातच सापडला. आजोबांच्या पेटीत जमिनीचा एक कागद आहे, कडा झिजलेल्या, वर उर्दू आणि बाजूला कोणीतरी मराठीत लिहिलेलं "सन १३५२ फसली". भाचा उडालाच, मामा आपली जमीन सातशे वर्षं जुनी आहे का? म्हणलं बाबा त्यात ५९० मिळव. झाले १९४२, निजामाचा काळ.

हे ५९० आलं कुठून, तर शाहजहानच्या काळात १६३६ ला दख्खनेत फसली सन सुरू झाला तेव्हा हिजरी १०४६ चालू होतं, आकडा तोच उचलला आणि पुढं मोजणी मात्र सूर्याच्या वर्षानं केली. फसल म्हणजे पीक. तेव्हापासून दोन्ही सन वेगवेगळ्या चालीनं चाललेत आणि आता हिजरी बारा वर्षं पुढं निघून गेलंय. कल्पनेतलं कॅलेंडर म्हणतात ते यापेक्षा वेगळं काय असणार, सांगा.

मग आम्ही त्याचं जग जरा बिघडवलं. मोठा चंद्र ढवळ्या २६ दिवसांचा, छोटा पवळ्या १० चा (जवळचा चंद्र लवकर फिरतो, त्यामुळं ढवळ्या पवळ्याच्या पावणेदोन पटीपेक्षाही लांब असणार, हे फेरीचा काळ आणि अंतर यांचं नातं सांगणाऱ्या केप्लरच्या नियमातून निघतं) आणि वर्ष ३९२.४ दिवसांचं. दोघांची एकदम अमावस्या दर १३० दिवसांनी. त्या दिवशी समुद्राला मोठी भरती, हे मी सांगितलं खरं, पण आम्हाला समुद्र कुठला, आमची उडी जायकवाडीपर्यंत.

आता ढवळ्याचे १५ महिने म्हणजे ३९० दिवस, वर्षाला २.४ दिवस कमी पडतात. अकराएक वर्षांनी अधिक महिना घालावा लागणार. इथवर सरळ होतं. पण जोड-अमावस्याही दरवर्षी २.४ दिवस अलीकडं येत राहते, म्हणजे पेरणीचा सण तिच्यावर बांधला तर तो हळूहळू रिकाम्या रानात जाणार. भाच्यानं मोबाईलचा कॅल्क्युलेटर काढला आणि अर्धा तास गप्प. मग एकदम ओरडला. ५४ वर्षांचे दिवस २१,१८९.६ आणि १६३ जोड-अमावस्यांचे २१,१९०! फरक फक्त ०.४ दिवसाचा. म्हणजे ५४ वर्षांत पाच अधिक महिने घातले की दोन्ही चंद्र आणि ऋतू परत जवळपास जागेवर. आपल्याकडं १९ वर्षांत २३५ चांद्रमहिने असेच बसतात, ग्रीसच्या मेटनच्या नावानं ते चक्र ओळखतात, बाबिलोनी लोकही ते वापरायचे. पोरानं स्वतः बिघडवलेल्या आकड्यांतून तशीच चीज काढली, मला तर त्याच्या आग ओकणाऱ्या पक्ष्यांपेक्षा हेच भारी वाटलं.

ताई इतका वेळ चकल्या तळत ऐकत होती. म्हणली, अधिक महिना अकरा वर्षांनी का? मग तिथं पोरी द्यायला हरकत नाही, जावयाचा खर्च लई कमी.