हायटेन्शन लाईनखाली राहताना नक्की कशाला घाबरायचं?

हायटेन्शन लाईनच्या जवळ राहणाऱ्यांना तो आवाज पाठ असतो, पाऊस भुरभुरला की चरचर वाढते आणि तिच्यासोबत सतत एक घूं चालू. ४०० किलोव्होल्टच्या तारेलगत विद्युत क्षेत्र इतकं तीव्र असतं की तिथली हवाच आयनित होते, म्हणजे तिच्या कणांवर विद्युतभार येतो, याला कोरोना डिस्चार्ज म्हणतात, आणि तारेला लटकलेल्या थेंबाच्या टोकाशी ते क्षेत्र अजून वाढतं म्हणून पावसात आवाज जास्त. वीज ५० हर्ट्झची पण घूं १०० हर्ट्झचा, कारण दर सायकलला व्होल्टेज दोनदा टोक गाठतं, एकदा प्लस एकदा मायनस.

मग हे सगळं अंगातून जातंय त्याचं काय, असं लोक विचारतात आणि ते बरोबरच आहे. विद्युत क्षेत्र भिंतीने बरंचसं अडतं. चुंबकीय क्षेत्र आरपार येतं, पण लाईनपासून लांब गेलं की झपाट्याने कमी होतं. बरोबर खाली ते साधारण काही मायक्रोटेस्ला (चुंबकीय क्षेत्र मोजायचं एकक) असतं आणि सामान्य लोकांसाठी २०१० ची आंतरराष्ट्रीय मर्यादा २०० मायक्रोटेस्ला आहे. तरी विषय तिथे संपत नाही, २००० साली बऱ्याच देशांचा डेटा एकत्र केला तेव्हा सरासरी ०.४ मायक्रोटेस्लाच्या वर क्षेत्र असलेल्या घरांतल्या मुलांमध्ये ल्युकेमिया (रक्ताचा कर्करोग) साधारण दुप्पट दिसला, अशी घरं फारच थोडी होती, पण २००२ मध्ये आयएआरसी या जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने अशा चुंबकीय क्षेत्राला ‘कदाचित कर्करोगकारक’ गटात टाकलं. हे चुंबकीय क्षेत्रामुळेच होतं असं मात्र सिद्ध झालेलं नाही, ५० हर्ट्झमध्ये डीएनए तोडण्याइतकी ऊर्जाच नसते. तरी काळजी करणाऱ्या आईबापांना वेड्यात काढू नये असं मला मनापासून वाटतं.

मला स्वतःला जास्त धास्ती झोळाची वाटते. करंट वाढला, ऊन तापलं की तार लांबते आणि खाली येते. १४ ऑगस्ट २००३ ला अमेरिकेत ओहायोमध्ये ३४५ किलोव्होल्टच्या तारा अशाच झोळ येऊन झाडांना लागल्या, आणि शेवटी अमेरिका-कॅनडात मिळून जवळपास ५ कोटी लोक अंधारात गेले. त्यामुळे सकाळी तार उंच दिसली म्हणून दुपारी गच्चीवर लोखंडी शिडी किंवा लांब पाईप उभा करू नका, इतक्या व्होल्टेजला स्पर्श लागतच नाही, वीज हवेतून उडी मारते. आणि लाईनखालच्या पत्र्याला किंवा तारेच्या कुंपणाला हात लावल्यावर झिणझिण्या येत असतील तर ते भास नाहीत, जमिनीशी न जोडलेल्या धातूवर खरंच व्होल्टेज चढतं, इलेक्ट्रिशियनला बोलवून त्याला नीट अर्थिंग करून घ्या.