व्हिटाफोन की साउंडी? टॅप डान्सच्या जुन्या फिती बघताना

टॅप डान्सची, म्हणजे बुटांनी जमिनीवर ताल वाजवत केलेल्या नाचाची, कृष्णधवल फीत दिसली की तिला सरसकट ‘साउंडी’ म्हणून मोकळं व्हायचं, असा रिवाज पडला आहे. नुसतं बघायचं तर बिघडत नाही. पण पायांवरून शिकायचं असेल तर घराणं आधी ओळखावं: व्हिटाफोन की साउंडी.

व्हिटाफोन हे वॉर्नर ब्रदर्सने १९२६ साली आणलेलं तंत्र. चित्र फिल्मवर, आवाज सोळा इंची तबकडीवर. तबकडीतला आवाज कापायचा-जोडायचा म्हणजे महाकर्मकठीण, म्हणून सुरुवातीच्या लघुपटांत अख्खा कार्यक्रम आवाजासकट एका दमात टिपत. घरघर नको म्हणून कॅमेरा बंद खोलीत कोंडलेला. तो जागचा हलायचा नाही. सिनेमा म्हणून हे रटाळच, पण टॅप शिकणाऱ्याची चंगळ! वोडव्हिलचा (गाणी, नाच, विनोद अशा मिश्र रंगमंचीय कार्यक्रमांचा) नर्तक बराच वेळ डोक्यापासून बुटापर्यंत दिसतो आणि ऐकू येणारे बोल त्याच पायांचे, त्याच क्षणाचे असतात. पुढे तबकडीवरचं ध्वनिमुद्रण बंद पडलं, नाव तेवढं टिकलं. १९३२ च्या ‘पाय, पाय, ब्लॅकबर्ड’मध्ये युबी ब्लेकच्या बँडबरोबर नाचणारे छोटे निकोलस बंधू ही टॅप नर्तकांची जोडी दिसते, तो लघुपटही व्हिटाफोनचाच.

साउंडी आली १९४० च्या दशकात, आणि चित्रपटगृहासाठी नव्हेच. शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीचं पॅनोरॅम हे कपाटाएवढं यंत्र बारमध्ये, हॉटेलांत उभं असे. दहा सेंटचं नाणं टाकलं की तीनेक मिनिटांचं एक गाणं. एका रिळावर आठ गाणी, पण निवड आपली नाही. पुढचं जे असेल ते बघायचं. टॅप नर्तक बिल रॉबिन्सनची १९४२ ची ‘लेट्स स्कफल’ ही यातलीच.

इथे ध्वनिमुद्रण आधी व्हायचं आणि चित्रीकरण नंतर, त्या आवाजाबरहुकूम. त्यामुळे टकटक समोरच्या पायांचीच आहे, असं धरून चालू नये.

दुसरी गोम आरशांची. पॅनोरॅममध्ये चित्र आरशांवरून फिरून मागून पडद्यावर पडे, म्हणून प्रती उलट्या छापत. तशी प्रत साध्या प्रोजेक्टरवर चढवली की अक्षरं उलटी आणि डावा पाय उजवा. नावांची पाटी कापलेली असेल तर नर्तकाचा कोट बघा: पुरुषी कोटाचा छातीवरचा खिसा त्याच्या डाव्या बाजूला हवा. उजवीकडे दिसला तर फीत उलटी आहे. पाय बदलून शिका.